लायसन, आण्णांचा बिल्ला आणि पंचवीस मीटरवरची नंबरप्लेट

पोस्ट मोठी आहे, चहा घेऊन बसा. पण वाचायच्या आधी एक काम करा. पाकिटातलं लायसन काढा आणि त्यावरची शेवटची तारीख बघा. मी बघितली नव्हती, म्हणून हे सगळं लिहायची वेळ आली.

झालं असं. २०२५ च्या सप्टेंबरात लेकीला अठरा पूर्ण झाली. तिने घरी बसूनच लर्निंगचा फॉर्म भरला. आधार टाकलं, ओटीपी आला, व्हिडिओ बघितला, परीक्षा दिली, पास झाली. मी कौतुकाने बघत होतो. मग तिने गंमत म्हणून माझा लायसन नंबर आणि जन्मतारीख टाकली. स्क्रीनकडे बघत म्हणाली, "बाबा, तुमचं लायसन संपलंय. गेल्या ऑक्टोबरमध्येच."

मी म्हणालो, शक्यच नाही. १९९५ ला काढलं, वीस वर्षांनी म्हणजे २०१५ ला रिन्यू केलं, आता २०३५ पर्यंत बघायचं काम नाही. एवढं ठामपणे सांगितलं आणि मग पाकिटातलं कार्ड काढलं. त्यावर स्वच्छ लिहिलं होतं, ऑक्टोबर २०२४. दहा वर्षं रोज खिशात घेऊन फिरलो, पण ती ओळ एकदाही वाचली नव्हती.

माझी चूक साधी होती आणि आपल्या वयाच्या कितीतरी जणांची तीच असणार. आधीच्या कायद्यात खाजगी गाडीच्या परवान्याची मुदत होती 'वीस वर्षं किंवा वयाची पन्नाशी, यातलं जे आधी येईल ते'. मला वाक्याचा पहिला अर्धा भाग पाठ होता. दुसऱ्या अर्ध्या भागात मी अडकलो. २०२४ ला मी पन्नास वर्षांचा झालो आणि त्याच दिवशी माझं लायसन संपलं. पुढचे अकरा महिने मी जालना रोडवर, वाळूजला, पैठणला, एकदा तर समृद्धीवरून थेट शिर्डीपर्यंत गाडी चालवली. विनापरवाना.

ही गोष्ट मी संध्याकाळी आण्णांना, म्हणजे वडिलांना, सांगितली. वय ऐंशी. एसटीत ड्रायव्हर होते. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि एवढंच विचारलं, "मग अकरा महिन्यांत तुला कुणी विचारलंच नाही?"

त्यांचा प्रश्न पोलिसांबद्दल होता असं मला वाटलं. तो वेगळाच होता, हे कळायला मला दोन आठवडे लागले. त्या दोन आठवड्यांत मी लायसन या कागदाचा इतिहास वाचत बसलो. त्यातलं जे सापडलं ते सांगतो.

मोटार जन्मली त्याच सुमारास परवानाही जन्मला. १८८८ साली जर्मनीत कार्ल बेंझला त्याच्या त्या तीनचाकी गाडीसाठी सरकारकडून लेखी परवानगी घ्यावी लागली, कारण आवाजाने आणि वासाने लोक वैतागले होते. म्हणजे पहिला परवाना कौशल्याचा नव्हताच. तो शेजाऱ्यांच्या तक्रारीवरचा उतारा होता. १८९३ मध्ये पॅरिसच्या पोलिसांनी चालकाला परवाना सक्तीचा केला. ब्रिटनमध्ये १९०४ पासून पाच शिलिंग भरले की परवाना मिळायचा आणि दरवर्षी तो नवा करायचा. परीक्षा नव्हती. तिथे गाडी चालवून दाखवायची सक्ती आली थेट १९३५ मध्ये. तीस वर्षं लोक पैसे भरून 'चालक' होत होते.

आपल्याकडे मुंबई इलाख्याने १९०४ साली मोटारींसाठी आपला कायदा केला. मग ब्रिटिश हिंदुस्थानासाठी एकच असा कायदा १९१४ ला आला, आणि त्याची जागा १९३९ च्या मोटार वाहन कायद्याने घेतली. पुण्या-मुंबईच्या लोकांसाठी लायसनचा इतिहास इथून सरळ रेषेत चालतो. आपला तसा नाही. आपलं शहर तेव्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात. कारभाराची भाषा उर्दू, सन फसली, चलन हाली सिक्का, आणि मोटारींचे नियमही संस्थानाचे. नगरच्या बाजूने आलेल्या माणसाला गोदावरीच्या अलीकडे-पलीकडे दोन वेगळी राज्यं लागायची.

पण बसच्या बाबतीत मराठवाडा मागे नव्हता, हे आवर्जून सांगायला हवं. निजामाच्या रेल्वेनेच १९३२ मध्ये रस्ता वाहतुकीचं खातं सुरू केलं. सुरुवातीला २७ बस आणि १६६ माणसं. देशातल्या अगदी सुरुवातीच्या सरकारी बससेवांपैकी ही एक. मुंबई राज्याची एसटी पुणे ते अहमदनगर अशी पहिल्यांदा धावली ती १ जून १९४८ ला, म्हणजे सोळा वर्षांनी. तेव्हा आपल्याकडे मुक्तिसंग्राम पेटलेला होता. त्याच वर्षी १७ सप्टेंबरला संस्थान भारतात आलं. १९५६ ला मराठवाडा मुंबई राज्यात आला, १९६० ला महाराष्ट्र झाला, आणि १९६१ मध्ये मराठवाड्याची बससेवा आजच्या एसटी महामंडळात विलीन झाली. निजामाच्या खात्यात नोकरीला लागलेला ड्रायव्हर त्याच स्टिअरिंगमागे बसून चार राजवटी बघून रिटायर झाला असेल. त्याला फक्त वरचा शिक्का बदललेला दिसला असेल.

विलीनीकरणानंतर देशाचा १९३९ चा कायदा आपल्यालाही लागू झाला. इथून आण्णांची गोष्ट सुरू होते.

आण्णांच्या पत्र्याच्या पेटीत दोन जुन्या पुस्तिका आहेत. आजच्या पोरांना सांगून खरं वाटणार नाही, पण लायसन तेव्हा कार्ड नव्हतं, छोटी वही होती. पहिल्या पानावर फोटो, पुढे गाडीचे प्रकार, आणि मागे रिकामी पानं. ती पानं नूतनीकरणाच्या शिक्क्यांसाठी. आण्णांनी लायसन काढलं १९६८ ला. आधी एका ट्रकवर होते, १९७१ ला एसटीत लागले. शेवटचा शिक्का २००१ चा. मी मोजले. अकरा शिक्के. बरोबर दर तीन वर्षांनी एक.

पेटीत पितळी बिल्लाही आहे, कापडात गुंडाळून ठेवलेला. खाकी शर्टाच्या खिशावर तो असायचा. लहानपणी मला वाटायचं की पोलिसासारखा हा मानाचा बिल्ला आहे.

आता त्या १९३९ च्या कायद्यातली एक ओळ सांगतो, जिच्यापाशी मी बराच वेळ थांबलो. कायद्याने म्हटलं होतं की परवाना असल्याशिवाय कुणी गाडी चालवू नये. त्याला लागूनच पुढे म्हटलं होतं की पगारी नोकर म्हणून गाडी चालवायची असेल, किंवा प्रवासी-मालाची गाडी चालवायची असेल, तर परवान्यावर तशी वेगळी नोंद हवी. म्हणजे गाडी तीच, रस्ता तोच, पण साहेब स्वतः चालवत असेल तर एक परवाना आणि साहेबाचा ड्रायव्हर चालवत असेल तर दुसरा. डॉक्टरचं सर्टिफिकेट कुणी जोडायचं? पगारी ड्रायव्हरने आणि बस-ट्रकवाल्याने. बाकीच्यांनी कागदावर स्वतःच लिहून द्यायचं की माझे डोळे चांगले आहेत, मला फिट येत नाही. सही केली की झालं.

यात तर्क नव्हता असं नाही. बसमध्ये पन्नास जीव बसलेले असतात, तिथे तपासणी कडक हवीच. पण 'पगारी नोकर' या दोन शब्दांत बसचा तर्क नाही. साहेबाची गाडी साहेबाने चालवली काय आणि नोकराने चालवली काय, समोरून येणाऱ्या सायकलवाल्याला धोका सारखाच. कायद्याला साहेबाच्या शब्दावर विश्वास होता आणि नोकराच्या शब्दाला डॉक्टरची सही लागत होती, एवढाच त्याचा अर्थ.

मुदतीची गोष्टही अशीच. मूळ १९३९ च्या कायद्यात सगळ्यांचाच परवाना बारा महिन्यांचा होता. दरवर्षी सगळ्यांनी यायचं. गाड्या वाढल्या, रांगा वाढल्या, तशी मुदत वाढवत नेली. १९८८ ला नवा कायदा झाला, १ जुलै १९८९ पासून लागू झाला. 'पगारी नोकर' हे शब्द त्यातून गेले, ही चांगली गोष्ट झाली. पण मुदतीतला फरक उलट रुंदावला. बस-ट्रक-रिक्षावाल्याला तीन वर्षं. तुम्हा-आम्हाला वीस.

याच नव्या व्यवस्थेत आपल्याला एमएच २० मिळालं. जालन्याला २१, परभणीला २२, बीडला २३, लातूरला २४, उस्मानाबादला २५, नांदेडला २६. मराठवाड्याचा माणूस मुंबईच्या सिग्नलवर उभा असला आणि पुढच्या गाडीवर यातला आकडा दिसला की गावाकडचं कुणी भेटल्यासारखं वाटतं.

आणि हे नेमकं कधी झालं बघा. १९८५ मध्ये वाळूजला बजाजचा कारखाना सुरू झाला. त्याआधी शहर सायकलींचं होतं. गुलमंडी, औरंगपुरा, शहागंज, सगळं सायकलवर उरकायचं. कारखाना आला, आजूबाजूला सुटे भाग करणारे आले, हाताला पगार आला आणि दारात दुचाकी आली. दूधवाल्याकडे एम-८०, कामगाराकडे स्कूटर, कॉलेजच्या मास्तरांकडे लुना. ज्या घरात तोवर कुणाकडेच लायसन नव्हतं त्या घरात तीन-तीन झाली. एवढ्या लोकांना दरवर्षी बोलावून डोळे तपासणं कुठल्याच कार्यालयाला झेपलं नसतं. वीस वर्षांची मुदत ही एका अर्थाने गर्दीवरची तोड होती.

मीही त्याच गर्दीतला. १९९५ ला, एकविसाव्या वर्षी, आठचा आकडा काढून दाखवला. पाय टेकला नाही. साहेबांनी मान हलवली, लायसन मिळालं. तेव्हा शहराबाहेर पडलं की रस्ता दोनपदरी होता. दौलताबादच्या किल्ल्याच्या दरवाजातून एका वेळी एक मोठी गाडी निघायची. साठच्या वर काटा गेला की बजाजचं हँडल थरथरायचं. त्या एका आठच्या आकड्यावर मी तीस वर्षांनी समृद्धीवर शंभरच्या पुढे गेलो. मधे सगळं बदललं. रस्ता, गाडी, वेग आणि माझं शरीर. फक्त 'तुला अजून जमतं का?' हे मला कुणी विचारलं नाही. २०१५ ला विचारायला हवं होतं, तेव्हा मी कागद दिले आणि कार्ड घेतलं.

त्याच काळात आण्णांना मात्र दर तीन वर्षांनी हा प्रश्न पडत होता. डोळे तपासणीची तारीख आली की आमच्या घरात परीक्षेचं वातावरण असायचं. आई आठ दिवस आधीपासून गाजर किसायला घ्यायची. आम्ही हसायचो. ती हसायची नाही, कारण एका ओळीच्या शेऱ्यावर घर चालायचं. डोळ्यात दोष निघाला तर स्टिअरिंग जायचं. कन्नडचा घाट रात्री उतरवणाऱ्या माणसाला हा प्रश्न विचारायलाच हवा, हे आण्णांनाही मान्य होतं. त्यांची तक्रार एकच होती. ते म्हणायचे, "घाटात मी एकटाच नसतो. समोरून येणाऱ्या कारवाल्याला कोण विचारतंय?"

आता २०१९ च्या दुरुस्तीकडे येतो, कारण तुमच्या कामाचं तेच आहे. या दुरुस्तीने मुदती बदलल्या. तिशीच्या आत लायसन काढलं तर ते वयाच्या चाळिशीपर्यंत चालतं. तीस ते पन्नासमध्ये काढलं किंवा रिन्यू केलं तर दहा वर्षं. पन्नास ते पंचावन्नमध्ये असाल तर साठीपर्यंत. पंचावन्नच्या पुढे दर पाच वर्षांनी. व्यावसायिक चालकांचे तीनाचे पाच झाले. म्हणजे आमची मुदत कमी झाली, त्यांची वाढली, दरी थोडी बुजली. व्यावसायिक चालकाला आठवी पासची अट होती, तीही २०१९ मध्ये काढली. आण्णा चौथी शिकलेले. २००७ ला ती अट आली तेव्हा ते रिटायर झालेले होते, पण त्यांना ते लागलं होतं. म्हणायचे, "घाटाला काय माझं सर्टिफिकेट दाखवायचं होतं?"

दुसरं म्हणजे, मुदत संपल्यावर आधी तीस दिवस सवलत होती. ती गेली. तारीख संपली की दुसऱ्या दिवसापासून तुम्ही विनापरवाना. दंड पाचशेचा पाच हजार झाला. रिन्यू करायला मुदत संपायच्या आधी एक वर्ष आणि नंतर एक वर्ष असा वेळ आहे. नंतरचं ते वर्षही गेलं की पुन्हा चाचणी द्यायची. आधी यासाठी पाच वर्षं मिळायची. कोरोनात सरकारने १ फेब्रुवारी २०२० नंतर संपलेल्या कागदांना पुन्हा पुन्हा मुदतवाढ दिली, ती ३१ ऑक्टोबर २०२१ पर्यंत गेली. त्यामुळेही बऱ्याच जणांच्या मनात 'चालतंय की' हे बसलं. आता चालत नाही.

आणि दंड ही त्यातली लहान गोष्ट आहे. मोठी गोष्ट अपघाताची. लायसन संपलेलं असताना तुमच्या गाडीने कुणाला लागलं तर विमा कंपनी हात वर करू शकते. सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये स्वर्णसिंग खटल्यात जखमी माणसाच्या बाजूने वाट काढून ठेवली आहे. अशा प्रकरणात कंपनीने आधी भरपाई द्यायची आणि मग गाडीमालकाकडून वसूल करायची. म्हणजे समोरच्याला पैसे मिळतात, पण ते शेवटी तुमच्या घरातून जातात. माझे ते अकरा महिने आठवले की आजही पोटात गोळा येतो. एखादं पोर आडवं आलं असतं तर?

तर मी रिन्यू करायला घेतलं. एक वर्षाची मुदत संपायला तीन आठवडे राहिले होते. फॉर्म घरूनच भरला. रिन्यूचे दोनशे, कार्डाचे दोनशे, असं सगळं मोबाईलवर भरलं. एजंटशिवाय आरटीओचं काम होत नाही हा आपला जुना समज, पण इथे एजंटला करण्यासारखं काही उरलेलंच नव्हतं. चाळिशीच्या पुढे असल्याने एकच गोष्ट घराबाहेरची होती, नमुना १-अ, म्हणजे डॉक्टरचं वैद्यकीय प्रमाणपत्र.

एका डॉक्टरांकडे गेलो. नाव सांगत नाही, कारण दोष त्यांच्या एकट्याचा नाही. बाहेर पाच-सहा जण याच कामाला बसलेले. माझा नंबर आला. त्यांनी विचारलं, "काही त्रास नाही ना?" मी म्हणालो, नाही. बीपीसुद्धा बघितलं नाही. तीन मिनिटांत बाहेर. मी खूश. घरी येऊन आण्णांना सांगितलं, "झालं काम. पाच मिनिटंही लागली नाहीत."

आण्णांनी विचारलं, "नंबरप्लेट वाचायला लावली का?"

मला कळलंच नाही. मग त्यांनी सांगितलं आणि मी तो फॉर्म नीट वाचला. तुम्हीही वाचा. त्यात असा प्रश्न आहे: चांगल्या उजेडात, चष्मा असेल तर चष्मा लावून, पंचवीस मीटरवरून मोटारीची नंबरप्लेट प्रत्येक डोळ्याने ओळखता येते का? पुढे लाल-हिरवा रंग ओळखता येतो का, रातांधळेपणा आहे का, चक्कर किंवा फिट येते का, साधा आवाज ऐकू येतो का. पाच-सहा साधे प्रश्न. यांना मशीन लागत नाही, लॅब लागत नाही.

हा नंबरप्लेटचा प्रश्न किती जुना आहे? १९३० च्या दशकातल्या ब्रिटिश नियमांतून तो आला. तिकडे अंतर होतं पंचवीस यार्ड. आपल्या १९३९ च्या कायद्यात तेच पंचवीस यार्ड आले, पुढे यार्डाचे मीटर झाले. राजवटी बदलल्या, वहीचं कार्ड झालं, रांगेचा ओटीपी झाला, पण हा एक प्रश्न जवळजवळ शंभर वर्षं जागचा हलला नाही. मला तर वाटतं लायसन म्हणजे मुळात हा प्रश्नच आहे. बाकीचं सगळं त्याभोवतीचं कागदकाम. आणि आपण कागदकाम इतकं सोपं केलं की प्रश्न विचारायचाच राहून गेला.

आण्णा काठी घेऊन उठले. म्हणाले, "चल गल्लीत." दारात शेजाऱ्यांची गाडी उभी होती. त्यांनी मला तीस-पस्तीस पावलं मोजायला लावली. एकेक डोळा झाकून नंबर वाच म्हणाले.

उजव्या डोळ्याने खडाखड वाचला. डावा उघडला, तर एमएच २० कळलं, कारण ते इथे सगळ्यांचंच असतं. पुढचे चार आकडे मला दिसले नाहीत. तीन आहे का आठ, कळेना. मी अंदाजाने सांगितलं. आण्णांनी जवळ जाऊन बघितलं आणि काही न बोलता घरात गेले.

दुसऱ्या दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरकडे गेलो. डाव्या डोळ्यात मोतीबिंदूची सुरुवात आणि चष्म्याचा नंबर वाढलेला. गेलं वर्षभर रात्री समोरच्या दिव्यांचा त्रास व्हायचा, तो मी एलईडीवर ढकलत होतो. माझ्या हातात मात्र मी पूर्ण तंदुरुस्त असल्याचं प्रमाणपत्र होतं.

तेव्हा मला आणखी एक गोष्ट उलगडली. २०१६ ला आण्णांचं स्कूटरचं लायसन संपलं. तेव्हा ते एकाहत्तरचे. मी म्हणालो होतो, चला, रिन्यू करून आणू, एका दिवसाचं काम आहे. ते नको म्हणाले. मला वाटलं कंटाळा केला. स्कूटर विकली, रिक्षाने फिरायला लागले. आता विचारलं तर म्हणाले, "त्या वेळी गल्लीत उभा राहून बघितलं होतं. नाही वाचता आली." एवढंच. सही करणारा डॉक्टर त्यांनाही मिळाला असता. त्यांनी स्वतःच स्वतःला नापास केलं आणि कुणाला सांगितलंही नाही.

पहिल्या दिवशी त्यांनी विचारलेला प्रश्न आता कळला. 'कुणी विचारलंच नाही?' पस्तीस वर्षं दर तिसऱ्या वर्षी विचारलं जाणाऱ्या माणसाला ती सवय लागली होती. सरकारने विचारणं थांबवलं तेव्हा ते स्वतःला विचारत राहिले. मला ती सवय लागायचं कारणच पडलं नाही.

नव्या चष्म्यावर मी पुन्हा गल्लीत उभा राहिलो. दोन्ही डोळ्यांनी वाचता आली. मगच अर्ज पुढे पाठवला. आठवड्या-दोन आठवड्यांत कार्ड पोस्टाने आलं, साठीपर्यंतचं. रात्रीचं हायवेवर चालवणं मी बंद केलंय, डोळ्याचं ऑपरेशन होईपर्यंत.

आता पेटीत तीन पिढ्यांचे कागद झाले. आण्णांच्या पुस्तिका, माझी कार्डं, लेकीचं लर्निंग. खडकी, फतेहनगर, औरंगाबाद आणि २०२३ पासून छत्रपती संभाजीनगर, असा या गावाच्या नावांचा प्रवास मोठा. त्यातली शेवटची दोन आमच्या पेटीतच शेजारी-शेजारी सापडतील. त्यावर ज्याचं त्याचं मत असेल, ते इथे नको. नंबर मात्र सगळ्यांवर एकच. एमएच २०.

शेवटी कामाचं सांगतो. लायसनवरची तारीख बघा. तुमची झाली की घरातल्या म्हाताऱ्या माणसांची बघा, कारण पन्नाशीच्या अटीत तेच अडकतात. जुनी वही असेल आणि नोंद ऑनलाइन दिसत नसेल तर आधी ती करून घ्या, नाहीतर ऐनवेळी धावपळ होते. लायसन घरी राहिलं तर डिजिलॉकरमधलं चालतं, २०१८ पासून त्याला मान्यता आहे. पण मुदत संपलेली असेल तर मोबाईलमधलंही संपलेलंच असतं.

आणि आज संध्याकाळी, उजेड असताना, गल्लीत तीस पावलं मोजा. एक डोळा झाका, शेजाऱ्याच्या गाडीचा नंबर वाचा. मग दुसरा. फुकट आहे, दोन मिनिटांचं काम आहे. वाचता आली तर बरंच झालं. नाही आली तर कुणाला सांगू नका हवं तर, पण किल्ली जागेवर ठेवा आणि डोळे दाखवून या.

तुमच्या घरात जुनी लायसनची वही किंवा बिल्ला असेल तर नक्की सांगा. मराठवाड्यातल्या ड्रायव्हर लोकांच्या आठवणी कुणी लिहून ठेवलेल्या नाहीत. आण्णांना रोज संध्याकाळी कमेंट वाचून दाखवतो. चष्मा असूनही ते आता वाचत नाहीत, पण ऐकतात सगळं.